कडीपाट मजबूत करायचा म्हणजे नेमकं काय करायचं?

दरवर्षी मे महिना संपत आला की मुंबई-पुण्याच्या वर्तमानपत्रांत धोकादायक इमारतींच्या याद्या येतात. यादीतल्या कित्येक घरांचं वर्णन सारखंच असतं: विटा-मातीच्या किंवा विटा-चुन्याच्या भिंती, लाकडी खांब आणि लाकडी छत, म्हणजेच कडीपाट. पेठेतला वाडा असो, गिरगावातली चाळ असो की कोकणातलं माळ्याचं घर, नूतनीकरण काढलं की घरमालकासमोर पहिला प्रश्न याच छताचा येतो. ठेकेदार वर बघतो आणि म्हणतो, "हे सगळं काढून स्लॅब टाकून घ्या." घरातली वडीलधारी म्हणतात, "शंभर वर्षं उभं आहे, हात लावू नका." बहुतेक घरांत या दोन्हींपेक्षा वेगळा मार्ग असतो. पण तो निवडायचा तर लाकडी छत वजन कसं पेलतं आणि कुठे हार मानतं, हे आधी कळायला हवं.

कड्या, पाट आणि तुळई

एका भिंतीपासून दुसऱ्या भिंतीपर्यंत किंवा तुळईपर्यंत थोड्याथोड्या अंतरावर ओळीने टाकलेली लाकडं म्हणजे कड्या. त्यांच्यावर आडव्या बसवलेल्या फळ्या म्हणजे पाट. दोन्ही मिळून कडीपाट. कड्यांचं वजन जिच्यावर येतं ती जाड लाकडी तुळई खांबांवर बसलेली असते, आणि खांब ते वजन जमिनीपर्यंत नेतात. जुन्या वाड्यांत पाटांवर मातीचा किंवा विटांच्या तुकड्यांचा आणि चुन्याचा थर असतो, त्यावर शहाबादी फरशी किंवा कोबा. खालच्या मजल्याचं छत आणि वरच्या मजल्याची जमीन ही एकच गोष्ट आहे, हे लक्षात ठेवा. खालून दिसणारं दुखणं बहुतेक वेळा वरून आलेलं असतं.

कडी वाकते तेव्हा

प्लास्टिकची फूटपट्टी दोन पुस्तकांवर आडवी ठेवून मध्ये दाबली की ती लगेच वाकते. तीच पट्टी कडेवर उभी धरून दाबली तर जवळजवळ हलत नाही. प्लास्टिक तेच आहे, फक्त उंची वाढली. कडीचंही असंच असतं. तिची रुंदी दुप्पट केली तर ताठपणा दुप्पट होतो, पण उंची दुप्पट केली तर तो आठपट होतो. गाळा, म्हणजे दोन आधारांमधलं अंतर, याच्या उलट वागतो. वरचं वजन सारखं पसरलेलं असेल आणि गाळा दुप्पट झाला, तर कडीचा झोळ सोळापट होतो. मजबुतीचे बहुतेक उपाय या दोन आकड्यांभोवतीच फिरतात.

वाकताना कडीचा वरचा भाग दाबला जातो आणि खालचा ताणला जातो. मधला भाग त्या मानाने निवांत असतो. म्हणून वायरीसाठी कडीच्या उंचीच्या मधोमध लहान भोक पाडलं तर फारसं बिघडत नाही. पण पाइप बसवायला गाळ्याच्या मध्यावर कडीच्या खालच्या अंगाला खाच मारली, तर मोठं नुकसान होतं. पंधरा सेंटीमीटर उंचीच्या कडीला पावणेचार सेंटीमीटर खाच पडली की तिची ताकद नुसत्या हिशोबानेच सुमारे ४४ टक्के घटते. खाचेच्या कोपऱ्यातून लाकूड चिरत जातं ते आणखी वेगळं. जुन्या घरांत मी अशा खाचा पाहतो तेव्हा मनापासून वाईट वाटतं, कारण त्या टाळणं अगदी सोपं होतं.

भेगांचंही असंच आहे. लाकडाच्या रेषांच्या दिशेने लांबवर गेलेली फट बहुतेक वेळा लाकूड वाळताना पडलेली असते आणि ती घाबरण्यासारखी नसते. गाळ्याच्या मध्याजवळ, खालच्या अंगाला, रेषा तोडत आडवी गेलेली भेग मात्र दिसली, तर त्याच दिवशी खाली टेकू द्या आणि वरचं सामान हलवा.

नवी फरशी किती जड पडते?

एक ढोबळ गणित करू. बारा फुटांचा, म्हणजे साधारण ३.६ मीटरचा गाळा घ्या. सागाच्या कड्या १० सेंटीमीटर रुंद, १५ उंच, दर ४५ सेंटीमीटरला एक. वर नुसते पाट. कड्या-पाटांचं स्वतःचं वजन चौरस मीटरला ५० किलोच्या आसपास येतं. राहत्या खोलीत माणसं आणि सामान यांच्यासाठी भारतीय मानकात चौरस मीटरला २०० किलो धरतात. हे दोन्ही मिळून कडीला मध्यावर साधारण ९ मिलिमीटर झोळ येतो. या गाळ्याला १० मिलिमीटरपर्यंतचा झोळ सर्वसाधारणपणे चालवून घेतात. म्हणजे कडी काठावर का होईना, पास झाली.

आता नूतनीकरणात पाच सेंटीमीटर मसाला टाकून वर टाइल बसवली. चौरस मीटरला सुमारे १३० किलो वाढले आणि झोळ साडेतेरा मिलिमीटरवर गेला. एवढ्यावरही थांबत नाही. पाहुणे उठून जातात, टाइल जात नाही. कायमच्या वजनाखाली लाकूड वर्षानुवर्षं हळूहळू वाकत राहतं आणि सुरुवातीचा झोळ कालांतराने दुपटीच्या घरात जाऊ शकतो. लाकूड ओलं-सुकं होत असेल तर त्याहूनही जास्त. आपल्या उदाहरणात कायमचं वजन ५० वरून १८० किलोवर गेलं, साडेतीन पटींहून अधिक.

"शंभर वर्षं उभं आहे" या युक्तिवादाचं उत्तर इथेच आहे. ते घर उभं राहिलं ते शंभर वर्षांपूर्वीच्या वजनाखाली. तेव्हा खोलीत ट्रंका आणि गाद्या होत्या. आता पुस्तकांनी भरलेली लोखंडी कपाटं आहेत, कपडे धुण्याचं यंत्र आहे, आणि मोरीच्या जागी टाइल लावलेलं न्हाणीघर आहे. पाचशे लिटरची टाकी भरली की नुसतं पाणीच पाचशे किलोचं होतं.

म्हणून माझ्या मते मजबुतीचं पहिलं काम वजन उतरवण्याचं. पाटांवर दहा सेंटीमीटर मातीचा थर असेल तर तो चौरस मीटरला दीडशे किलोंहून जास्त भरतो. तो काढून त्या जागी जाड प्लायवूड आणि हलकी फ्लोअरिंग घातली, तर एकही लोखंडी तुकडा न लावता कडीला मोठा आराम मिळतो. एक गोष्ट मात्र घरच्यांना आधी सांगून ठेवा: मातीचा थर वरच्या पावलांचा आवाज अडवतो. तो गेला की आवाज खाली येतो, त्यामुळे प्लायवूडखाली आवाज शोषणारा थर घालावा लागतो.

दुखणं बहुधा भिंतीत असतं

सगळ्यांची नजर गाळ्याच्या मध्यावरच्या झोळाकडे जाते. पण कड्या बऱ्याचदा मरतात त्या टोकाशी, भिंतीच्या आत, जिथे कुणी बघत नाही. कडीचं टोक भिंतीत वीतभर गेलेलं असतं. बाहेरून पावसाचा मारा, वरून फुटलेली पन्हळ, आतून मोरीची गळती, असं सगळं पाणी भिंतीत मुरतं आणि टोकाशी साठतं. लाकडातला ओलावा २० टक्क्यांच्या वर जाऊन टिकला की बुरशीचा धोका सुरू होतो. त्याच्या खाली राहिलेलं लाकूड सडत नाही. हा आकडा लक्षात ठेवावा, कारण ओलावा मोजायचं छोटं यंत्र आता सहज मिळतं.

गेल्या काही दशकांत यात एक भर पडली. मूळच्या चुन्याच्या गिलाव्यावर किंवा तो काढून सिमेंटचा गिलावा केला गेला. चुना ओल बाहेर सोडतो, सिमेंट ती आत कोंडतं. भिंत बाहेरून चकचकीत दिसते आणि आत कडीचं टोक भिजत राहतं.

तपासणी अवघड नाही. टोकाजवळ कडीवर हातोडीने हलकेच ठोका. निरोगी लाकूड खणखणीत वाजतं, पोकळ झालेलं बद्द वाजतं. मग टोकदार स्क्रूड्रायव्हर किंवा पटाशी टोचून बघा. निरोगी सागात ती जेमतेम शिरते, सडक्यात रुतत जाते. भिंतीवरून चढणाऱ्या मातीच्या नळ्या दिसल्या तर वाळवी आहे. बारीक गोल भोकं आणि खाली पिठासारखा भुसा पडत असेल तर भुंगेरे आहेत. सागाचा गाभा या किड्यांना सहसा दाद देत नाही, पण गाभ्याभोवतीचं फिकट लाकूड ते खातात. त्यामुळे वरून भयानक दिसणारी कडी आत कधीकधी शाबूत असते. खरवडून, मोजून किती लाकूड उरलं ते पाहिल्याशिवाय तिला बाद ठरवू नका. आणि एखाद-दोन ठिकाणी भिंत थोडी उकलून टोक डोळ्यांनी पाहिल्याशिवाय तिला पासही करू नका.

टोकाची दुरुस्ती

आधी पाणी बंद करा. छप्पर, पन्हळ, मोरी, बाहेरचा गिलावा या क्रमाने. पाणी चालू ठेवून केलेली कोणतीही मजबुती काही पावसाळ्यांपुरतीच असते.

मग कड्यांखाली टेकू. टेकू खालच्या मजल्याच्या फरशीवर उभा करून भागत नाही, कारण ती फरशीही कड्यांवरच असू शकते. टेकूखाली टेकू असं थेट जमिनीपर्यंत जावं लागतं. ही चूक कामाच्या घाईत सर्रास होते आणि ती जिवावर बेतू शकते.

सडलेला भाग कापताना तो संपल्यासारखा दिसतो तिथून आणखी फूटभर मागे जावं, कारण बुरशी डोळ्यांना दिसते त्याच्या पुढे पोचलेली असते. कापलेल्या जागी वाळलेल्या सागाचा तुकडा बसवून दोन्ही बाजूंनी लोखंडी प्लेट किंवा लांब लाकडी जोड बोल्टने आवळतात. नवं टोक भिंतीत घालताना खाली सपाट दगड किंवा प्लेट, आणि भोवती बोटभर मोकळी जागा. टोकाभोवती मसाला ठासू नका.

भिंतीला अँगल, म्हणजे काटकोनी लोखंडी पट्टी, मारून त्यावर कड्यांची टोकं टेकवणं हा दुसरा उपाय. पण विटा-मातीच्या भिंतीत साधा अँकर बोल्ट धरत नाही. बोल्ट भिंतीच्या आरपार काढून मागे मोठी प्लेट द्यावी लागते. अशीच लोखंडी पट्टी कड्यांना भिंतीशी बांधून ठेवायलाही वापरतात, आणि ती गरजेची असते. कड्या भिंतीवर बसतात हे आपल्याला दिसतं. त्या भिंतीला बाहेर फुगू देत नाहीत हे सहसा ध्यानात येत नाही. ओळीने पाच-सहा कड्या एकदम कापल्या की उंच भिंतीचा तो आधारही जातो. म्हणून एका वेळी एक-दोनच कड्या हाताळाव्यात.

मधला गाळा ताठ कसा करायचा?

टोकं ठीक असतील आणि तरीही जमीन हलत असेल, तर पुढचे पर्याय. सगळ्यांत सोपा म्हणजे जुन्या कडीशेजारी तेवढ्याच उंचीची नवी कडी लावून दोन्ही बोल्टने जोडणं. दहाच्या जोडीला पाच सेंटीमीटर रुंदीची कडी लावली तर ताठपणा दीडपट होतो. नवं लाकूड पुरेसं वाळलेलं हवं. ओलं लाकूड नंतर आकसतं आणि बोल्ट ढिले पडतात. पाडलेल्या वाड्यांचं सागवान बाजारात मिळतं. ते आकसायचं तेवढं आकसून झालेलं असतं, म्हणून या कामाला उत्तम. फक्त त्यातले खिळे आणि जुन्या खाचा तपासून घ्या.

खोलीची उंची कमी असेल आणि कडी जाड करायला जागा नसेल, तर लोखंड कामाला येतं. कडीच्या दोन्ही बाजूंना तिच्याच उंचीच्या सहा मिलिमीटरच्या प्लेट आरपार बोल्टने आवळायच्या. लोखंड सागाच्या सुमारे वीसपट ताठ असल्यामुळे आपल्या उदाहरणातली कडी साडेतीन पट ताठ होते. मीटरला साधारण चौदा किलो वजन वाढतं, ते परवडतं. बोल्ट वर-खाली आलटून पालटून आणि कडांपासून लांब घ्यायचे. प्लेटला गंजरोधक रंग हवाच.

मध्ये एक गर्डर, म्हणजे लोखंडी तुळई, टाकून गाळा अर्धा करणं हा उपाय आकड्यांत सगळ्यांत जोरदार दिसतो. पण ते वजन नाहीसं होत नाही, ते गर्डरवर जातं. ३.६ बाय ४.५ मीटरच्या खोलीत, टाइल न लावताही, एकूण भार चार टनांच्या आसपास येतो. कड्या अखंड असतील तर त्यातले आठातले पाच भाग मधल्या गर्डरवर येतात. म्हणजे गर्डरच्या एकेका टोकाला सव्वा टन, आणि तो भिंतीच्या एका वीतभर जागेवर. विटा-मातीची भिंत तिथे चिरडू शकते. त्यामुळे गर्डरच्या टोकाखाली काँक्रीटचा किंवा दगडाचा रुंद ठोकळा, नाहीतर थेट जमिनीपर्यंत जाणारा खांब लागतो, आणि त्या खांबाखाली स्वतःची पायाभरणी.

कड्यांच्या मध्ये अंतराअंतरावर घट्ट बसणारे आडवे लाकडी ठोकळे हा कमी खर्चाचा आणि दुर्लक्षित उपाय आहे. एका कडीवर पाय पडला की शेजारच्या दोघी तो भार वाटून घेतात आणि जमिनीची थरथर चांगलीच कमी होते.

इटली, स्वित्झर्लंड, जर्मनीत जुन्या लाकडी मजल्यांवर पाच-सहा सेंटीमीटरचा काँक्रीटचा पातळ थर टाकून तो मोठ्या स्क्रूंनी कड्यांशी जोडतात. काँक्रीट दाब घेतं, लाकूड ताण घेतं. पद्धत भक्कम आहे, पण पाच सेंटीमीटर थरही चौरस मीटरला सव्वाशे किलो भरतो. भिंती चांगल्या असतील आणि इंजिनिअरने गणित मांडून दिलं असेल तरच तिचा विचार करावा.

आणि झोळ? जुना झोळ जॅकने सरळ करायचा हट्ट धरू नका. लाकडाने तो आकार कायमचा घेतलेला असतो. जोर लावून उचललं तर वरची भिंत किंवा फरशी तडकते. टेकू घट्ट करण्यापुरतं, दिवसाला एखाद-दोन मिलिमीटर उचलावं. जमीन समतल करायची तर वरून हलक्या लाकडी पट्ट्यांनी करावी.

"या सगळ्यापेक्षा स्लॅब बरा नाही का?"

त्याच ३.६ बाय ४.५ च्या खोलीवर साडेबारा सेंटीमीटर जाडीचा स्लॅब टाकला तर त्याचं नुसतं वजन पाच टन भरतं. मोकळ्या कडीपाटाचं आठशे किलो होतं. ज्या भिंती आणि खांब आठशे किलोंचं छत धरून बांधले, त्यांच्यावर पाच टनांचं छत ठेवायचं. खांब-पायासकट नवी चौकट उभी करणार असाल तर स्लॅब जरूर टाका. जुन्या भिंतीवर स्लॅब टेकवणं वेगळं, आणि ते धोक्याचं.

वरचं वजन किती घातक ठरतं हे महाराष्ट्राने ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीत पाहिलं. दगड-मातीच्या जाड भिंती आणि त्यावर माळवद, म्हणजे मातीचं जड सपाट छप्पर, असलेली घरं झोपलेल्या माणसांवर कोसळली. त्यानंतर लातूर-धाराशिव भागात उरलेल्या घरांसाठी जे उपाय सुचवले गेले, त्यांत माळवदावरची माती कमी करणं आणि खांब-तुळईच्या कोपऱ्यात तिरके आधार देणं हे होतं. लाकडी चौकटीच्या जुन्या घरासाठी दोन्ही आजही तितकेच लागू आहेत.

"पण लाकूड जळतं"

जळतं, पण जाड लाकूड सावकाश जळतं. बाहेरून कोळशाचा थर तयार होत जातो, मिनिटाला साधारण ०.६ ते ०.८ मिलिमीटर या वेगाने, आणि आतला गाभा तोवर वजन पेलत राहतो. उघडं लोखंड ५५०-६०० अंशांना आपली जवळपास निम्मी ताकद गमावतं. याचा अर्थ आगीची चिंता नको असा नाही. चिंता कडीपेक्षा पातळ फळ्यांची आणि त्यांच्यामधून ओढलेल्या जुन्या वायरिंगची करावी. नूतनीकरणात वायरिंग नवं, पाइपात बंद केलेलं हवंच.

फॉल्स सीलिंग नको

कड्या कुरूप दिसतात म्हणून खाली जिप्समचं छत मारण्याचा मोह होतो. मी त्याच्या ठाम विरोधात आहे. गळती, वाळवी, नवी भेग, सगळं त्याच्या मागे दडतं आणि हवा कोंडते. कड्या साफ करून, कीडरोधक औषध देऊन उघड्या ठेवा. घट्ट थर धरणाऱ्या ऑइल पेंटपेक्षा लाकडात मुरणारं तेल बरं, कारण ओलावा आत अडकत नाही. अगदीच झाकायचं असेल तर टोकांजवळ उघडता येणाऱ्या फळ्या ठेवा.

वरची खोली दुसऱ्याची असेल तर

चाळीत आणि वाटण्या झालेल्या वाड्यात सगळ्यांत अवघड भाग हाच. छत तुमचं, पण त्यावरचं वजन वरच्या बिऱ्हाडाचं. तुम्ही खालून प्लेट लावल्या आणि वरच्यांनी टाइल बसवली, तर केलेलं काम वाया जातं. म्हणून इंजिनिअर आणायचा तर दोन्ही बिऱ्हाडांनी मिळून आणावा.

मुंबई शहर भागातल्या ३० सप्टेंबर १९६९ पूर्वीच्या उपकरप्राप्त, म्हणजे दुरुस्तीसाठी सेस भरणाऱ्या, इमारतींचं काम म्हाडाच्या इमारत दुरुस्ती व पुनर्रचना मंडळाकडे आहे. तिथे मंडळाला वगळून तुळई किंवा कडी बदलायला घेऊ नये. तीस वर्षांहून जुन्या इमारतीची संरचनात्मक तपासणी मुंबई महापालिकेच्या कायद्याच्या कलम ३५३-ब खाली बंधनकारक आहे. तपासणीनंतर मिळणारी श्रेणीही समजून घ्या: सी-१ म्हणजे रिकामी करून पाडण्याजोगी, सी-२-ए म्हणजे रिकामी करून मोठी दुरुस्ती, सी-२-बी म्हणजे रिकामी न करता संरचनात्मक दुरुस्ती, सी-३ म्हणजे किरकोळ दुरुस्ती. वारसा यादीतल्या वाड्याला आधी परवानगी लागते, मग तो कुठल्याही शहरात असो.

इंजिनिअरकडून "छत ठीक आहे" एवढंच ऐकून घेऊ नका. त्यांनी लेखी द्यायच्या तीन गोष्टी आहेत: कड्यांची टोकं कुठे-कुठे उघडून पाहिली आणि काय दिसलं, दुरुस्तीनंतर मजल्यावर चौरस मीटरला किती किलो चालेल, आणि काम सुरू असताना टेकू कुठे आणि जमिनीपर्यंत कसे जातील. तो कागद वरच्या बिऱ्हाडालाही द्या आणि काम दिवाळीनंतर, भिंती सुकल्यावर काढा.